कोकणातल्या खासगी तळ्यात मासे सोडण्याआधी: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पाऊस स्थिरावला, तळे काठोकाठ भरले की बऱ्याच जणांच्या मनात येते, यात मासे का नकोत? विचार चांगलाच आहे. पण मत्स्यशेतीच्या बहुतेक पुस्तिका काळ्या, चिकण मातीच्या तळ्यांचा हिशेब धरून लिहिलेल्या असतात. आपल्याकडे जांभा आहे, पाणी आम्ल आणि हलके, म्हणजे कमी क्षारांचे, आहे. चार महिन्यांत अडीच-तीन हजार मिलिमीटर पाऊस कोसळतो आणि मार्चमध्ये तळ दिसू लागतो. त्यामुळे प्रश्न तेच असले तरी इथली उत्तरे थोडी वेगळी येतात. पालघरपासून सिंधुदुर्गापर्यंत परसातले तळे, शेततळे, जुनी चिरेखाण किंवा बागेतली टाकी असलेल्यांसाठी ही उत्तरे एकत्र केली आहेत.

माझ्या तळ्यात मासे होतील का?

तळे किती मोठे हे नंतर पाहू. आधी त्यात पाणी कोणत्या महिन्यापर्यंत टिकते ते सांगा. कटला, रोहू, मृगळ यांना खाण्याजोगे व्हायला आठ-दहा महिने लागतात आणि त्या सगळ्या काळात निदान चार-पाच फूट पाणी हवे. जुलैत भरलेले तळे जानेवारीत गुडघाभर उरत असेल, तर बीज, म्हणजे माशांची पिल्ले, विकत घेणे म्हणजे पैसे बगळ्यांना खाऊ घालणे.

एक वर्ष नुसते पाणी मोजा. पाऊस थांबला की ऑक्टोबरमध्ये तळ्यात खुणा केलेली काठी रोवा आणि दर आठवड्याला पातळी लिहून ठेवा. उन्हाने दिवसाला साधारण पाच-सहा मिलिमीटर पाणी उडते. उतार त्यापेक्षा बराच जास्त असेल, तर बाकीचे पाणी जमिनीत चालले आहे. एवढी धीराची नोंद कुणाला नको असते, पण पुढचे सगळे निर्णय तिच्यावर अवलंबून आहेत: कोणता मासा, किती, कोणत्या आकाराचा आणि तो कधी काढायचा.

जांभ्यात पाणी टिकतच नाही. काय करावे?

जांभा सच्छिद्र आहे, सड्यावर, म्हणजे उघड्या कातळी पठारावर, तर पाणी थांबायची आशाच धरू नये. मळ्यात, भाताच्या खाचराच्या खालच्या अंगाला, जिथे चिकण माती आहे तिथे खणलेले तळे जास्त टिकते. तळाला चिकण माती आणि शेण पसरून, भाताची चिखलणी करतो तशी दोन-तीन वेळा चिखलणी केली की झिरपणे बरेच कमी होते. ते पूर्ण थांबत मात्र नाही.

बाकी ठिकाणी प्लास्टिकचे अस्तर हाच मार्ग. शेततळ्यासाठी साधारण ५०० मायक्रॉन जाडीचा कागद वापरतात. घालण्याआधी जांभ्याची टोके, मुळे, खडे काढून खाली बारीक मातीचा थर द्या, नाहीतर पहिल्याच पावसाच्या वजनाने कागद फाटतो. अस्तराच्या तळ्यात मातीतून येणारे नैसर्गिक खाद्य कमी तयार होते, म्हणून बाहेरून खाद्य जास्त द्यावे लागते.

आणि हे अगदी मनापासून सांगतो. अस्तराच्या तळ्यावर शेवाळ धरले की पोहता येणाऱ्या माणसालाही काठावर चढता येत नाही. चारही बाजूंना गाठी मारलेले दोर खाली सोडा, एक शिडी कायम बांधून ठेवा, तरंगणारी ट्यूब ठेवा आणि कुंपण घाला. मुले-माणसे आणि गुरे अशा तळ्यांत बुडाल्याच्या बातम्या दरवर्षी येतात. कुंपणाचे पैसे नसतील तर मासे पुढच्या वर्षी सोडा.

जुन्या चिरेखाणीत पाणी साचले आहे. तिथे मासे सोडू का?

अशा खाणी रत्नागिरी-सिंधुदुर्गात गावोगाव आहेत आणि पाणी दिसायला सुंदर, निळसर असते. निळसर याचाच अर्थ त्यात माशाला खायला काही नाही. तळाला माती नाही, कडा सरळ तुटलेल्या, पाणी आम्ल. तिथे ओढजाळे फिरत नाही आणि पाग, म्हणजे फेकायचे जाळे, टाकायला उभे राहायला जागा नसते, म्हणून तयार मासे निघत नाहीत.

तरी खाण आपल्या मालकीची असेल आणि पाणी मेपर्यंत टिकत असेल, तर एका बाजूने रॅम्प करून घ्या, तिथे मातीचा थर टाका, चुना आणि शेण देऊन पाणी हिरवट करा. मग मोजके मासे सोडा. या खाणीतून कुटुंबापुरते मासे मिळतील, धंद्याचा हिशेब तिच्यावर मांडू नका.

चुना का घालायचा आणि किती?

कोकणात हे सगळ्यात महत्त्वाचे काम आणि सगळ्यात जास्त टाळले जाणारे. माशांना पाण्याचा सामू (पीएच) साडेसहा ते साडेआठच्या दरम्यान मानवतो. आपली माती बहुधा साडेपाच-सहाच्या आसपास असते. आम्ल पाण्यात शेण टाकले तरी प्लवंग, म्हणजे माशांचे हिरवे सूक्ष्म खाद्य, नीट वाढत नाही. हलक्या पाण्यात सामू दिवसभरात वरखाली होतो आणि थंडीत अंगावर व्रण येण्याचा रोगही अशाच पाण्यात बळावतो.

मातीचा सामू पाच ते साडेसहा असेल तर हेक्टरी हजार किलो, म्हणजे गुंठ्याला सुमारे दहा किलो चुना. पाचाच्या खाली असेल तर दुप्पट. माती तपासून घ्या, कृषी विभागाच्या प्रयोगशाळेत हे काम होते. तळे कोरडे असताना किंवा मासे सोडण्याच्या दोन-तीन आठवडे आधी चुना पसरावा. मासे असलेल्या तळ्यात ताजा कळीचा चुना कधीही टाकू नये. पाण्याला कढ येतो, सामू एकदम चढतो आणि मासे मरतात. तेव्हा शेतीचा चुना, म्हणजे चुनखडीची भुकटी, थोडी थोडी द्यावी. मुसळधार पावसाने पाणी बदलून गेल्यावर गुंठ्याला एक-दोन किलोचा हात पुन्हा फिरवणे चांगले.

शेण किती आणि कधी?

चुन्यानंतर निदान आठवड्याने. मातीच्या तळ्याला सुरुवातीला गुंठ्याला वीस किलो ओले शेण आणि पुढे दरमहा दहा किलो पुरते. अस्तराच्या तळ्यात शेण मोकळे टाकू नका, गोणपाटात भरून कोपऱ्यात लोंबकळत ठेवा. पाणी नको इतके हिरवे झाले की गोण बाहेर काढता येते.

पुरेसे हिरवे झाले का, हे पाहायला यंत्र लागत नाही. हात सरळ पाण्यात घाला. कोपरापर्यंत बुडाल्यावर तळवा दिसेनासा होत असेल तर पाणी योग्य. कोपर बुडूनही बोटे स्पष्ट दिसली तर खत कमी आहे. मनगटाशीच तळवा नाहीसा झाला तर शेण लगेच थांबवा. गढूळपणाने फसू नका, ही परीक्षा पाणी निवळल्यावर करायची.

तळ्यात आधीचे मासे आहेत. ते काढायलाच हवेत का?

मरळ, शिंगटी, वाम असतील तर बोटभर पिल्ले त्यांच्या तोंडी जाणार. पुस्तकी उपाय मोहाच्या पेंडीचा आहे: मीटरभर खोल पाण्याला गुंठ्यामागे पंचवीस किलो. पेंडीतल्या विषाने सगळे मासे मरतात, पंधरा-वीस दिवसांत पाणी पूर्ववत होते आणि पेंडीचे खत होते. पूर्ण बंदिस्त, माणसाने खणलेल्या तळ्यात हे चालेल. त्या दिवसांत गुरे तिकडे जाऊ देऊ नयेत.

पण तळे नैसर्गिक असेल, देवळाचे असेल किंवा पावसात व्हाळाला, म्हणजे ओढ्याला, मिळत असेल, तर पेंड टाकू नका, अशी माझी कळकळीची विनंती आहे. आपल्या व्हाळांत आणि पऱ्यांत असे लहान मासे आहेत जे सह्याद्रीच्या या पट्ट्याबाहेर जगात कुठेच नाहीत. पहिल्या पावसात चढणीचे मासे अंडी घालायला खाचरांपर्यंत येतात, ते यांच्यातलेच. अशा तळ्यात उन्हाळ्यात पाणी कमी झाल्यावर जाळ्याने मोठे शिकारी मासे काढा आणि बीज थोडे मोठ्या आकाराचे सोडा. उत्पन्न थोडे घटेल, ते घटू द्यावे.

कोणते मासे सोडू?

पहिल्यांदाच करत असाल तर कटला, रोहू, मृगळ. कटला वरच्या थरात खातो, रोहू मधल्या, मृगळ तळाशी, त्यामुळे एकाच पाण्यात तिघे भांडत नाहीत. नेहमीचे प्रमाण शंभरात चाळीस कटला, तीस रोहू, तीस मृगळ. तळे सहा फुटांपेक्षा खोल असेल तर रोहू थोडे वाढवा. अस्तराच्या तळ्यात मृगळला खालचा चिखल मिळत नाही, तिथे तो कमी करावा.

सायप्रिनस, म्हणजे कॉमन कार्प, चिवट आहे आणि लवकर वाढतो. पण तो तळ उकरतो, बांध पोखरतो, आणि मातीच्या कच्च्या बांधाच्या तळ्यात मी तो सुचवत नाही. पाणवनस्पती फार असतील तर गवत्या मासा गुंठ्यामागे एक-दोन पुरे. त्याला खायला काही उरले नाही तर काठावरचे गवत कापून टाकावे लागते. जलपर्णी मात्र तो संपवत नाही, ती हातानेच काढायची.

किती सोडू?

हेक्टरी पाच ते दहा हजार बोटुकली (बोटाएवढी पिल्ले), म्हणजे गुंठ्याला पन्नास ते शंभर. हवा देणारे यंत्र नाही आणि उन्हाळ्यात पाणी घालायची सोय नाही, अशा तळ्याला पन्नासच्या आसपासच राहा. हिशेब मे महिन्यातल्या पाण्याच्या पसाऱ्यावर करायचा, ऑगस्टमधल्या नव्हे. वरून तीस बाय तीस मीटर असलेले शेततळे भरल्यावर नऊ गुंठे दिसते. बाजू उतरत्या असल्याने पाणी निम्म्यावर आले की पसारा फार लहान होतो आणि तेव्हाच मासे सगळ्यात मोठे झालेले असतात. सोडलेल्या शंभरातले सत्तर-ऐंशी हाताला लागले तर काम चांगले झाले समजावे.

बीज कधी आणि कोणत्या आकाराचे घ्यावे?

विक्रीला चार आकार येतात. सगळ्यात लहान जिरे, मग मत्स्यबीज म्हणजे इंचभर, मग अर्धबोटुकली दोन इंचांपर्यंत आणि नंतर बोटुकली. जिरे स्वस्त असतात, पण त्यांना वाढवायला वेगळे संगोपन तळे लागते. साध्या तळ्यात पाणकिडे आणि बेडूकच ते फस्त करतात. घरगुती तळ्यासाठी बोटुकलीच घ्या, तीन-चार इंचांची मिळाली तर उत्तम.

ज्यांचे पाणी मार्च-एप्रिलपर्यंतच टिकते त्यांनी मागच्या हंगामातले, दाटीत ठेवून वाढ रोखलेले वर्षभराचे बीज शोधावे. मोकळे पाणी आणि खाद्य मिळाले की ते राहिलेली वाढ झपाट्याने भरून काढते. किंमत जास्त पडते. कोकणातल्या अपुऱ्या हंगामाला मात्र याहून चांगले उत्तर माझ्या माहितीत नाही.

जूनच्या पहिल्या पावसात घाई नको. सड्यावरून, कातळावरून आलेले पहिले पाणी गढूळ आणि आम्ल असते. जुलै अखेर ते सप्टेंबर हा सोडण्याचा काळ. बीज कुठे मिळेल हे जिल्ह्याच्या मत्स्यव्यवसाय कार्यालयात विचारा. बरेचसे बीज घाटावरून येते, तेव्हा शेजारच्या पाच-सहा जणांनी मिळून मागवले तर वाहतूक परवडते. घेताना पिशवीत नीट पाहा. मोठे डोके आणि वर वळलेले तोंड कटल्याचे, शेपटीच्या बुंध्याशी शंकरपाळ्यासारखा काळा ठिपका मृगळचा. मिश्यांचे, खवले नसलेले पिल्लू दिसले तर अख्खी पिशवी परत करा.

आणलेले बीज तळ्यात कसे सोडावे?

सकाळी लवकर किंवा संध्याकाळी, ऊन नसताना. ऑक्सिजन भरलेली बंद पिशवी तळ्यात पंधरा-वीस मिनिटे तरंगत ठेवा, म्हणजे आतले-बाहेरचे तापमान एक होईल. मग तोंड उघडून तळ्याचे पाणी ओंजळीने थोडे थोडे आत घाला. आपले पाणी हॅचरीच्या, म्हणजे बीज तयार करणाऱ्या केंद्राच्या, पाण्यापेक्षा हलके असते, म्हणून हा टप्पा उरकू नये, अर्धा तास द्या. पिशवी आडवी करा आणि पिल्लांना स्वतःहून बाहेर जाऊ द्या.

रोग येऊ नये म्हणून सोडण्याआधी बादलीत खडे मिठाचे पाणी करून, दहा लिटरला दोन-तीनशे ग्रॅम या मापाने, पिल्ले दोन-तीन मिनिटे बुडवून काढतात. पिल्ले कलंडू लागली तर लगेच बाहेर काढा. प्रवासाने दमलेल्या बीजाला ही आंघोळ मी देत नाही, आधी ते सावरू द्यावे. मोजणीसाठी एक छोटी गाळणी भरून त्यातली पिल्ले मोजा आणि गाळण्यांनी गुणा.

खायला काय घालू?

भाताचा कोंडा आणि शेंगदाण्याची पेंड निम्मे-निम्मे. कोंडा म्हणजे गिरणीतला बारीक, तेलकट कोंडा. तूस चालत नाही, तो पचत नाही आणि पाणी नासवतो. पेंड रात्रभर भिजवून, कोंडा मिसळून गोळे करा किंवा भोके पाडलेल्या पोत्यात भरून बांबूला टांगा, मासे येऊन चोखतात. रोज त्याच जागी, त्याच वेळी.

माप माशांच्या एकूण वजनाच्या दोन-तीन टक्के. दोनशे मासे सरासरी शंभर ग्रॅमचे असतील तर वीस किलो वजन झाले, म्हणजे दिवसाला चारशे ते सहाशे ग्रॅम. महिन्यातून एकदा पागाने दहा-वीस मासे काढून तोलले की माप सुधारता येते. आदल्या दिवशीचे खाद्य पोत्यात उरलेले दिसले तर आज देऊ नका. गणपतीत पाहुणे येतात आणि प्रत्येक जण भात, पोळ्या टाकून मासे पाहतो. तेवढे थांबवा, तळाशी कुजलेले अन्न रात्री प्राणवायू खाते.

पहाटे मासे वर येऊन तोंड उघडझाप करतात. का?

प्राणवायू संपत आला आहे. दिवसा हिरवे पाणी प्राणवायू तयार करते, रात्री तेच तो वापरते. सलग आठवडाभर ढग राहिले, सूर्य दिसला नाही की पहाटे तूट येते. जुलै-ऑगस्टमध्ये आपल्याकडे हे नेहमीचे आहे. दुसरा धोक्याचा काळ म्हणजे एप्रिल-मे, पाणी कमी आणि गरम.

लगेच करायचे ते एवढेच: खाद्य आणि शेण बंद, शक्य तर पंपाने तळ्याचेच पाणी उंचावरून परत तळ्यात पाडा, ताजे पाणी सोडा. काहीच नसेल तर बांबूने पाणी झोडपा. ऊन वर आल्यावर मासे खाली गेले तर संकट त्या दिवसापुरते टळले. पण रोज असे होत असेल तर निम्मे मासे काढून खा किंवा विका, ते लांबणीवर टाकू नका.

पावसात तळे भरून वाहते. मासे जाणार नाहीत का?

जातात. बांध वाहत्या पाण्यापेक्षा निदान दोन फूट उंच हवा, आणि सांडवा ऐसपैस, दगडांनी बांधलेला. सांडव्यावर जाळी लावताना ती उभी, अरुंद नको, ती पालापाचोळ्याने तासाभरात तुंबते आणि पाणी बांधावरून उलटते. रुंद, तिरकी जाळी लावा आणि मोठ्या पावसात रोज साफ करा. येणाऱ्या पाण्याच्या तोंडावरही जाळी हवी, नाहीतर बाहेरचे मासे आत येतात. शक्यतो वरच्या बाजूने चर काढून पावसाचे लोंढे तळ्याला वळसा घालून जाऊ द्या.

जुलै २०२१ मध्ये चिपळूणला जो पूर आला, तशा पुरापुढे कोणतीही जाळी टिकत नाही. म्हणून नदीच्या पूररेषेत तळे असेल तर परदेशी जातीचा एकही मासा सोडू नये. इतर कुठे तडजोड चालेल, इथे नाही.

आंब्याच्या बागेला लागून तळे आहे. फवारणीचे काय?

हा प्रश्न फार कमी जण विचारतात आणि कोकणात तो सगळ्यांनी विचारायला हवा. तुडतुड्यांसाठी मोहोराच्या काळात डेल्टामेथ्रीन, लॅम्डा सायहॅलोथ्रीन अशी औषधे मारतात. माणसाला त्यांचा धोका तुलनेने कमी असला तरी माशाला आणि कोळंबीला ती अत्यल्प मात्रेतही मारक आहेत. वाऱ्याने उडालेले तुषारसुद्धा पुरतात. पंप तळ्यावर धुतला तर दुसऱ्या दिवशी सगळे मासे उताणे दिसतील.

सुपारीचे आगर असेल तर आणखी एक गोष्ट. कोळे रोगासाठी पावसाच्या तोंडावर बोर्डो मिश्रण फवारतात. त्यातले तांबे माशांना विषारी आहे आणि आपल्या हलक्या, कमी चुन्याच्या पाण्यात तर जास्तच. फवारणीच्या दिवशी वाऱ्याची दिशा पाहा, तळ्याकडची शेवटची रांग सोडा किंवा तिथे हाताने मारा, औषध कालवायची जागा तळ्याच्या उताराच्या खाली ठेवा. शेजाऱ्याची बाग असेल तर मोहोर येण्याआधीच त्याच्याशी बोलून घ्या. नुकसान झाल्यावरच्या बोलण्याने मासेही परत येत नाहीत आणि शेजारही बिघडतो.

पक्षी, साप, उदमांजर?

खंड्या आणि बगळे थोडे खाणारच, त्याचे वाईट वाटून घेऊ नका. पाणकावळ्यांचा थवा बसू लागला तर तळ्यावर हातभर अंतराने दोऱ्या ताणा. बारीक नायलॉनचे जाळे लावू नका, त्यात पक्षी आणि साप अडकून मरतात. दिवड बिनविषारी आहे, तिला मारायचे कारण नाही. उदमांजर, म्हणजे पाणमांजर, कायद्याने संरक्षित आहे आणि कोकणात आता फार थोड्या ठिकाणी उरले आहे. ते तुमच्या तळ्यावर आले तर जमिनीत फूटभर पुरलेले तारेचे कुंपण हाच इलाज.

तिलापिया, पंगस, मागूर लवकर वाढतात म्हणे?

वाढतात. थाई मागूर तर सोडूच नका, भारतात त्यावर २००० सालापासून बंदी आहे. तो समोर येईल ते खातो, ओलसर जमिनीवरून सरपटत दुसऱ्या पाण्यात जातो. देशी मागूर वेगळा. घेताना खात्री होत नसेल तर घेऊच नका.

काळा तिलापिया १९५२ मध्ये भारतात आणला गेला आणि आज देशभरातल्या अनेक तळ्यांत बारीक, खुजा होऊन भरून राहिला आहे, कारण तो तळ्यातच सारखी पिल्ले घालतो. सुधारित, फक्त नर असलेला तिलापिया वेगळा आहे, पण त्याला शासनाची नोंदणी आणि मान्यताप्राप्त केंद्राचे बीज लागते. व्हाळाला जोड असलेल्या तळ्यात तोही नको. पंगस बंदिस्त अस्तराच्या तळ्यात होतो, मात्र त्याला विकतचे खाद्यच लागते. खाद्याच्या खर्चाचा कागदावर हिशेब मांडल्याशिवाय तिकडे वळू नये.

खाडीजवळ आहोत. जिताडा ठेवता येईल का?

येईल, आणि त्यात नवे काहीच नाही. अलिबाग-पेणच्या खारेपाटात घराजवळच्या तळ्यात जिताडा वाढवण्याची रीत जुनी आहे. खाडीत मिळालेली पिल्ले पावसाळ्यात तळ्यात सोडायची आणि मोठा मासा घरच्या कार्याला किंवा पाहुण्याला काढायचा. जिताडा खाऱ्या पाण्यात जन्मतो, पण गोड्या पाण्यात छान वाढतो.

तो पक्का मांसाहारी आहे. कटला-रोहूच्या पिल्लांबरोबर सोडला तर तळ्यात शेवटी फक्त जिताडाच उरेल. लहान-मोठे एकत्र सोडले तर एकमेकांनाही खातात, म्हणून सगळे एका मापाचे घ्या. तळ्यात तिलापिया माजला असेल तर तो खाऊन संपवायला याच्यासारखा मासा नाही.

जंबो कोळंबी?

कटला-रोहूबरोबर चालते. मृगळ आणि सायप्रिनस मात्र तेव्हा वगळा, ते तिच्याच जागेत चरतात. गुंठ्याला शंभर-दीडशे पिल्ले पुरेत. कात टाकताना कोळंबी मऊ असते आणि बाकीच्या तिला खातात, म्हणून लपायला नारळाच्या झावळ्या आणि पाइपचे तुकडे तळाशी टाका. तळ्यात तिची पैदास होत नाही, पिल्लांना सुरुवातीला मचूळ पाणी लागते.

कटला-रोहू तरी तळ्यात पिल्ले घालतील का?

नाही. त्यांना पुराचे वाहते पाणी लागते. १० जुलै १९५७ रोजी डॉ. हिरालाल चौधरी यांनी ओडिशात माशांना पीयूषिका ग्रंथीचा अर्क टोचून अंडी घालायला लावले, तेव्हापासून बीज हॅचरीत तयार होऊ लागले. तो दिवस आज राष्ट्रीय मत्स्यशेतकरी दिन म्हणून पाळतात. आपण मात्र दरवर्षी बीज विकत आणायचे.

पिण्याच्या विहिरीत मासे सोडू का?

डासांच्या अळ्या खाण्यापुरते दहा-वीस लहान मासे सोडायला हरकत नाही. शेण, चुना, खाद्य काहीही टाकू नका. गप्पी आरोग्य विभागाकडून मिळतात, पण विहीर व्हाळाला मिळत नाही एवढे पाहा. विहिरीत कासव सोडायची जुनी रीत आहे. आपली गोड्या पाण्यातली कासवे वन्यजीव संरक्षण कायद्याखाली येतात, तेव्हा ती पकडून आणू नका.

बायोफ्लॉक टाकी जास्त फायद्याची नाही का?

बायोफ्लॉक म्हणजे पाण्यातल्या जिवाणूंच्या आधाराने टाकीत दाटीने मासे वाढवणे. त्या टाकीत हवा चोवीस तास चालू लागते. ती काही तास बंद पडली तर सगळे मासे जातात. पावसाळ्यात वीज दिवसदिवस गेलेली आपण सगळ्यांनी पाहिली आहे. जनरेटर आणि रात्री उठणारा माणूस दोन्ही असतील तरच विचार करा.

मासे विकायचे कधी? कोकणात गोड्या पाण्यातला मासा खातो कोण?

समुद्रातली यांत्रिक बोटींची मासेमारी १ जून ते ३१ जुलै बंद असते. तेव्हा बाजारात ताजे मासे कमी आणि भाव चढे, आणि श्रावणाआधी आखाडात मागणीही भरपूर. ज्यांचे पाणी बारमाही आहे त्यांनी मोठे मासे त्या दोन महिन्यांसाठी राखून ठेवावेत. बाकीच्यांनी फेब्रुवारीपासून थोडे थोडे काढत जावे, आधी मोठे. त्याने उरलेल्यांना जागा होते आणि ते वाढतात. जिवंत मासा तळ्याच्या काठावरच विकला तर भाव सगळ्यात चांगला येतो.

मातकट चवीची तक्रार खरी आहे. तळ्यातल्या निळ्या-हिरव्या शेवाळातून तो वास मांसात उतरतो. काढलेले मासे स्वच्छ पाण्याच्या टाकीत दोन-तीन दिवस उपाशी ठेवले की वास बराच जातो. मग आमसूल सढळ घाला.

अनुदान मिळते का?

प्रधानमंत्री मत्स्यसंपदा योजना २०२० पासून चालू आहे. तिच्यात तळे, बीज, खाद्य यांच्या मान्य खर्चावर सर्वसाधारण गटाला ४० टक्के, तर महिला आणि अनुसूचित जाती-जमातींना ६० टक्के अर्थसाहाय्य आहे. किसान क्रेडिट कार्ड मत्स्यपालनालाही मिळते, आणि राज्याने २०२५ मध्ये मत्स्यव्यवसायाला कृषीचा दर्जा दिला आहे. सातबारा, आठ-अ आणि जागेचा नकाशा घेऊन मत्स्यव्यवसाय कार्यालयात जा, खोदकाम सुरू करण्याआधीच. तांत्रिक शंकांसाठी रत्नागिरीजवळ शिरगावला कोकण कृषी विद्यापीठाचे मत्स्य महाविद्यालय आहे. तिथे प्रश्न लिहून नेलात, पाण्याची बाटली आणि मातीचा नमुना सोबत नेलात तर उत्तर जास्त उपयोगी मिळते.

तळे आटत आले आणि मासे उरले. व्हाळात सोडून देऊ का?

नका सोडू. मासा वाचवायचा हेतू चांगला असला तरी तो ज्या पाण्यात जाईल तिथल्या माशांचे खाणे आणि जागा घेईल, सोबत रोगही नेईल. सायप्रिनस किंवा तिलापिया असेल तर पुढच्या पावसात त्यांची पिल्ले त्या व्हाळात असतील. ते परत काढायचा कोणताच मार्ग नाही. उरलेले मासे शेजाऱ्यांत वाटा, मीठ लावून वाळवा, किंवा पन्नास-साठ निवडक पिल्ले सिमेंटच्या टाकीत पावसापर्यंत थोड्या खाद्यावर ठेवा. जुलैत तीच तळ्यात परत सोडली की त्या वर्षीचे बीज तुमच्या घरचेच झाले.